अल्प भांडवलाचे भयपट

संस्कृत साहित्यशास्त्रकारांनीं रसारसांमधील जें मैत्र आणि जें वैर ठरवून दिलें आहे, त्यांत हास्य व भयानक या दोघांस एका पंक्तीस बसविलेलें नाहीं. विश्वनाथाच्या साहित्यदर्पणांत तर भयानक आणि करुण हे हास्याचे विरोधी म्हणून स्पष्टपणें नोंदविलेले आहेत. कारण उघड आहे. प्रेक्षकास हंसूं फुटलें कीं त्याची भीति मेली, आणि ज्यास खरोखरीचा घाम फुटला आहे त्यास विनोद कळत नाहीं. शास्त्र म्हणून हें ठीकच आहे. परंतु कोंकणांत दशावताराच्या रात्रीं काळ्या वेषाचा जो संकासुर रंगणांत येतो, त्याला हें शास्त्र कोणीं सांगितलेलें नसतें. पुढें बसलेलीं पोरें त्याला पाहून आईच्या पदराआड दडतात, आणि त्याच क्षणीं मागें बसलेलीं वडील माणसें त्याच्या अचरट बोलण्यानें पोट धरून हंसत असतात. वैरी म्हणविणारे हे दोन रस देवळापुढच्या मांडवांत कित्येक पिढ्या सुखानें नांदत आले आहेत.

अमेरिकेच्या चित्रपटसृष्टींत हे दोन रस एकत्र आले ते मात्र परंपरेनें नव्हे, तर रिकाम्या थैलीमुळें. जेम्स व्हेलसारखा एखादा अपवाद सोडला, तर मोठ्या कंपन्यांच्या भयपटांत भयाचें खातें निराळें आणि हास्याचें निराळें अशीच व्यवस्था होती. किल्ला, धुकें, शवपेटी हीं पहिल्या खात्यांत. मधूनच दांत वाजविणारा भित्रा नोकर हा दुसऱ्या खात्यांत. हीं खातीं मोडून त्यांचें एक केलें तें अशा मंडळींनीं, कीं ज्यांच्यापाशीं दोन खातीं उघडण्याइतका पैसाच नव्हता. कोणत्याहि कंपनीच्या आश्रयावांचून, स्वतःच्या व स्नेह्यासोबत्यांच्या पैशावर चित्रपट तयार करावयाचा, आणि मग डबे काखोटीस मारून वितरकांचीं दारें ठोठवावयाचीं, असा यांचा संसार. दारिद्र्यानें कला फुलते असें म्हणण्याची एक गोड संवय रसिकांस लागलेली आहे. ती आम्हांस मान्य नाहीं, आणि कां नाहीं तें पुढें येईलच. परंतु दारिद्र्यानें कलेस एक विशिष्ट आकार येतो, एवढें मात्र कबूल केलें पाहिजे.

या पंथाचे आद्य पुरुष म्हणून रॉजर कॉर्मन यांचें नांव घ्यावें लागतें. १९२६ सालीं जन्मलेले आणि २०२४ सालीं वारलेले हे गृहस्थ स्टॅनफर्ड विद्यापीठांत इंजिनियरिंग शिकले, आणि तेथली काटकसर त्यांनीं चित्रपटाच्या धंद्यांत आणली. १९५९ सालीं त्यांनीं 'ए बकेट ऑफ ब्लड' हा चित्रपट पांच दिवसांत आणि सुमारें पन्नास हजार डॉलरांत चित्रित केला. चार्ल्स ग्रिफिथ यांच्या या कथेंतला नायक कलावंतांच्या एका उपाहारगृहांत पेले उचलणारा पोऱ्या आहे. त्याला शिल्पकार होण्याची हौस. हातांत मात्र कसब नाहीं. एके दिवशीं त्याच्या हातून चुकून घरमालकिणीचें मांजर मरतें. घाबरून तो त्यावर माती लिंपतो, आणि त्या मातीच्या मांजराला पाहून उपाहारगृहांतले कवि व टीकाकार त्यास श्रेष्ठ कलावंत ठरवितात. मग मांजरानें भागत नाहीं, हें सांगावयास नकोच. 'काय हें वास्तवदर्शन!' म्हणून मान डोलविणारे रसिक ज्याच्याकडे पाहत असतात तें प्रत्यक्ष प्रेत असतें. टीकालेखन करणाऱ्या प्रत्येकानें हा चित्रपट वर्षांतून एकदां पाहावा असें आम्ही सुचवितों. आमच्यावरहि तो लागू पडतो.

लगेच पुढच्या वर्षीं आलेल्या 'द लिटल शॉप ऑफ हॉरर्स' या चित्रपटाचें मुख्य चित्रण दोन दिवसांत आटोपलें. दुसऱ्या चित्रपटासाठीं उभारलेले देखावे मोडण्यापूर्वीं वापरून घ्यावे, हा त्यामागचा हिशेब. फुलांच्या दुकानांतल्या गरीब नोकरानें वाढविलेलें रोप माणसाच्या रक्तावर पोसतें आणि 'खायला घाल' म्हणून ओरडूं लागतें, अशी ती कथा. या चित्रपटाला भवितव्य नाहीं असें वाटून कॉर्मन यांनीं त्याचा कॉपीराइट घेण्याची तसदीहि घेतली नाहीं. १९८२ मध्यें त्याच कथेवर न्यूयॉर्कमध्यें संगीत नाटक आलें, १९८६ मध्यें त्या नाटकावर मोठ्या खर्चाचा चित्रपट निघाला, आणि दोन दिवसांच्या कामांतून उगवलेलें तें रोप आजहि निरनिराळ्या रंगभूमींवर माणसें गिळीत आहे.

कॉर्मन यांचा विनोद आम्हांस नेहमींच थोडा व्यापारी वाटत आला आहे. राक्षस कागदाचा असेल तर प्रेक्षक हंसणारच. मग तो आपल्यावर हंसण्याऐवजीं आपल्याबरोबर हंसला तर काय वाईट, हा त्यांतला शहाणपणा. तो शहाणपणा खरा आहे, पण तो हिशेबनिसाचा आहे. अल्प भांडवलांतून निराळ्याच जातीचें हास्य निर्माण होऊं शकतें हें दाखविण्याचें काम हॉलिवुडपासून हजारों मैल दूर असलेल्या एका पोलादाच्या शहरीं व्हावयाचें होतें.

पेनसिल्व्हेनिया संस्थानांतील पिट्सबर्ग शहराची ख्याति भट्ट्यांची आणि धुराची. चित्रपटाचा धंदा तेथें नव्हता. न्यूयॉर्कांत १९४० सालीं जन्मलेले जॉर्ज रोमेरो शिक्षणासाठीं तेथें आले आणि तेथेंच रमले. मित्रांसमवेत त्यांनीं 'लेटन्ट इमेज' नांवाची छोटीशी कंपनी काढली, आणि बिअर, धुण्याची पावडर असल्या जिनसांच्या जाहिराती करून ती पोट भरूं लागली. फ्रेड रॉजर्स यांच्या मुलांसाठींच्या प्रसिद्ध दूरचित्रवाणी कार्यक्रमाकरितांहि रोमेरो यांनीं लहान लहान चित्रफिती तयार केल्या. त्यांपैकीं एकींत मुलांचे लाडके रॉजर्स घशांतल्या गांठी काढून घेण्यासाठीं रुग्णालयांत जातात. आपण केलेला सर्वांत भयंकर चित्रपट तोच, असें रोमेरो पुढें थट्टेनें सांगत असत. या जाहिरातींच्या कामांतच प्रकाशयोजना, ध्वनि, संकलन यांचें सारें शिक्षण या मंडळींस मिळालें, आणि साधनें हाताशीं आलीं. उणीव होती ती पैशाची.

ती त्यांनीं वर्गणीनें भरून काढली. दहा जणांनीं प्रत्येकीं सहाशे डॉलर घातले आणि 'इमेज टेन' ही भागीदारी उभी राहिली. सहा हजार डॉलरांचें हें बीजभांडवल पुढें मित्रमंडळींच्या मदतीनें वाढत जाऊन एकंदर खर्च सुमारें एक लक्ष चौदा हजार डॉलर झाला. विशेष लक्षांत ठेवण्यासारखी गोष्ट अशी कीं, पहिल्यानें त्यांच्या मनांत होतें तें विनोदी चित्र: परग्रहावरून आलेल्या पोरांनीं पृथ्वीवर घातलेला धुमाकूळ. तें खर्चांत बसेना. मग रिचर्ड मॅथेसन यांची १९५४ ची एक कादंबरी, जिच्यांत सारें जग रक्तपिपासु झालें असतां एकच माणूस उरतो, तिच्यावरून रोमेरो यांनीं निराळें सूत्र काढलें, आणि जॉन रूसो यांच्यासह पटकथा लिहिली. नुकतीं मेलेलीं माणसें कांहीं अगम्य कारणानें उठतात आणि जिवंतांस खाऊं लागतात. सात माणसें शेतावरच्या एका घरांत अडकून पडतात. रात्र सरते तेव्हां त्यांतलें कोणीहि उरत नाहीं.

१९६७ च्या जूनपासून डिसेंबरपर्यंत, जाहिरातींच्या कामांतून सवड मिळेल तसतसें, इव्हान्स सिटी या गांवाच्या परिसरांत हें चित्रण चाललें. शेतावरचें घर लौकरच पाडावयाचें होतें, म्हणून तें वाटेल तसें वापरतां आलें. फीत काळी-पांढरी, कारण ती स्वस्त. काळ्या-पांढऱ्या फितींत चॉकलेटचा पाक रक्त म्हणून खपतो, ही सोयहि त्यांतूनच झाली. नटांपैकीं एकाचीं मांसाचीं दुकानें होतीं; त्यानें आंतडीं पुरविलीं, आणि भाजलेल्या डुकराच्या मांसावर तोच चॉकलेटचा पाक ओतून प्रेतांच्या भोजनाचा थाट मांडण्यांत आला. ज्यांनीं वर्गणी घातली त्यांनींच रंगभूषा केली, भूमिका केल्या आणि दिवेहि उचलले. निर्माते रसेल स्ट्रायनर हे दफनभूमींत पहिल्याच प्रवेशांत बहिणीला भिववून हंसणारा भाऊ झाले आहेत, आणि त्या हंसण्याचें प्रायश्चित्त त्यांना दोन मिनिटांत मिळतें. प्रेतें झालेलीं बहुतेक माणसें आसपासचीं. कोणी झोपण्याच्या अंगरख्यांत, कोणी कोट-पाटलोणींत. गांवकऱ्यांस भूत होण्याची हौस किती दांडगी असते, हें आमच्याकडे शिमग्याचीं सोंगें पाहिलेल्यास निराळें सांगावयास नको.

या कपडेपटाच्या अभावांतूनच एक नवें भूत जन्मास आलें, असें आमचें मत आहे. तोंवर पडद्यावरचें भूत परदेशी असे. तें कार्पेथियन डोंगरांतून येई, किंवा मिसरच्या थडग्यांतून, किंवा हैतीच्या उंसाच्या मळ्यांतून. त्याला झगा असे, इतिहास असे, भाषेचा हेल असे. पिट्सबर्गच्या मंडळींस झगा शिवणें परवडलें नाहीं, म्हणून त्यांचें भूत शेजारच्या घरांतून आलें. तें दुकानदार होतें, कारकून होतें, कोणाची आजी होतें. त्याला मंत्र लागत नाहीं, शाप लागत नाहीं. तें फक्त भुकेलेलें आहे आणि हळूहळू चालत आहे. आज ज्या शब्दानें तें जगभर ओळखलें जातें तो 'झॉम्बी' हा शब्द या चित्रपटांत एकदांहि उच्चारलेला नाहीं.

घरांत अडकलेल्यांचा पुढारी बेन. त्याची भूमिका ड्वेन जोन्स या कृष्णवर्णीय नटाकडे आली. पटकथेंत ती कृष्णवर्णीयासाठीं म्हणून लिहिलेली नव्हती. लिहिला होता तो एक अडाणी, रांगडा मालमोटार हांकणारा. जोन्स यांनीं चांचणींत सर्वांहून सरस काम केलें म्हणून त्यांची निवड झाली. जोन्स स्वतः सुशिक्षित, अध्यापनाचा व्यवसाय केलेले. त्यांनीं ती रांगडी भाषा बदलून घेतली, आणि बेन हा शांत डोक्याचा, नेमकें बोलणारा माणूस झाला. १९६७ सालच्या अमेरिकेंत असा माणूस गोऱ्या माणसांस काय करावें तें सांगतो, त्यांतल्या एकाला मारतो, आणि त्याच्या वर्णाविषयीं कोणी एक अक्षरहि काढीत नाहीं, ही गोष्ट शंभर व्याख्यानांहून प्रभावी आहे.

परंतु या चित्रपटाचें खरें कुटिल हास्य शेवटाकडे आहे, आणि तेथें आम्ही थोडें थांबणार आहों. घरांत दोन पक्ष पडलेले असतात. बेन म्हणतो, दारें-खिडक्या ठोकून वरच राहावें. तळघर म्हणजे उंदराचा सांपळा. कूपर नांवाचा एक चिरडखोर, भित्रा, स्वार्थी बाप म्हणतो, तळघरांतच जावें. प्रेक्षक अर्थातच बेनच्या बाजूचा. कूपरचें तोंड पाहूनच त्याचें म्हणणें चूक असणार असें आपण ठरवून टाकलेलें असतें. आणि रात्रीच्या अखेरीस, सर्व मेल्यावर, एकटा बेन वांचतो तो कोठें? त्याच तळघरांत. म्हणजे त्या नीच माणसाचें म्हणणेंच बरोबर होतें! कोणीहि हें बोलून दाखवीत नाहीं. दिग्दर्शक नुसतें तें घडूं देतो. सकाळ होते. बंदुका घेतलेली शिपायांची व नागरिकांची टोळी शिकारीस निघावें तशी मजेंत प्रेतें मारीत येते. त्यापूर्वीं रात्रीं दूरचित्रवाणीच्या बातम्यांत, तीं सावकाश चालतात का, असें वार्ताहरानें विचारल्यावर तिचा गोरा शेरीफ जें निर्विकार उत्तर देतो त्यावर नाट्यगृहांत हशा पिकतो. वार्ताहर झालेले गृहस्थ हे पिट्सबर्गच्या दूरचित्रवाणीवर भयपट दाखविणारे खरेच निवेदक होते, ही गंमत स्थानिक प्रेक्षकांस तर अधिकच कळे. सकाळीं तीच टोळी त्या घरापाशीं येते. आंतून आवाज येतो. बेन खिडकीशीं येतो, आणि त्याला प्रेत समजून गोळी घालतात. त्यानंतर चित्र हलत नाहीं. वर्तमानपत्रांत छापतात तशीं ठिपक्याठिपक्यांचीं स्थिर छायाचित्रें येतात, लोखंडी आंकडे, कुत्रीं, उभे असलेले गोरे पुरुष, आणि मध्यें तें शरीर. तीं कोणत्या जुन्या छायाचित्रांसारखीं दिसतात हें त्या देशांत कोणासहि सांगावें लागत नव्हतें. शेरीफच्या उत्तरावर जो हंसला, तो आपण कोणाच्या बाजूस उभें राहून हंसलों हें आतां पाहतो. विश्वनाथानें ज्यांस वैरी म्हटलें ते दोन रस येथें एकमेकांचें काम करतात; हास्य प्रेक्षकास बेसावध करतें आणि भय त्याचा हिशेब चुकता करतें.

हा शेवट बदला, असें एका वितरक कंपनीनें सांगितलें. नायकाला जिवंत ठेवा म्हणजे चित्रपट घेतों. मंडळींनीं नकार दिला. पैशाची इतकी निकड असतां दिलेला हा नकार आम्हांस या सबंध इतिहासांतील सर्वांत मोलाची गोष्ट वाटते. १९६८ च्या ४ एप्रिल रोजीं मार्टिन ल्यूथर किंग यांची हत्या झाली, तेव्हां रोमेरो तयार प्रत मोटारींत घालून न्यूयॉर्ककडे चालले होते, आणि ती वार्ता त्यांनीं वाटेंत रेडिओवर ऐकली, असें त्यांनींच पुढें सांगितलें आहे. चित्रण त्यापूर्वींच पुरें झालें होतें. ज्या शेवटाला कोणी खिन्न म्हणून नाकारीत होतें, तो इतक्यांत बातमी होऊन बसला होता.

अखेर न्यूयॉर्कच्या वॉल्टर रीड कंपनीनें तो घेतला, आणि १ ऑक्टोबर १९६८ रोजीं पिट्सबर्गच्या फुल्टन नाट्यगृहांत पहिला खेळ झाला. अमेरिकेंत चित्रपटांचें वयोमानानुसार वर्गीकरण सुरू झालें तें त्यानंतर बरोबर एका महिन्यानें. त्यामुळें सुरुवातीस शनिवारच्या दुपारच्या खेळास मुलें खुशाल जाऊन बसत. शिकागोचे टीकाकार रॉजर ईबर्ट यांनीं १९६९ च्या आरंभीं असा एक खेळ वर्णिला आहे. प्रथम पोरांचा नेहमींचा आनंदी आरडाओरडा, आणि मग हळूहळू पसरत गेलेली शांतता, आणि निश्चल बसून रडणारी एक लहान मुलगी. भय व हास्य यांच्या मिश्रणांतून प्रौढांस जें सुचतें तें बालकांस सुचत नाहीं. त्यांना मदत येईल एवढेंच ठाऊक असतें, आणि येथें मदत येते ती गोळी घालते.

आतां कॉपीराइटची कथा. मंडळींनीं चित्रपटास प्रथम दिलेलें नांव 'नाइट ऑफ द फ्लेश ईटर्स', म्हणजे मांसभक्षकांची रात्र. आपल्याकडे पुस्तकाच्या आंतल्या पानावर 'सर्व हक्क स्वाधीन' अशी ओळ छापतात; तशी ओळ या नांवाच्या पाटीवर होती. तें नांव दुसऱ्या एका चित्रपटाशीं जुळतें, म्हणून वितरकानें तें बदलून 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड' केलें. नवी पाटी आली. तिच्यावर ती ओळ घालावयाची राहून गेली. त्या वेळीं अमेरिकेंत १९०९ चा कायदा चालू होता, आणि त्या कायद्याप्रमाणें अशा सूचनेवांचून जें प्रसिद्ध झालें तें सर्वांच्या मालकीचें झालें. केवळ एका ओळीच्या अभावीं दहा जणांची मिळकत चव्हाट्यावर आली. पुढें १९८९ मध्यें ती ओळ छापण्याची सक्ति अमेरिकेनें काढून टाकली. या मंडळींस त्याचा कांहींच उपयोग नव्हता.

मग जो तो प्रति काढूं लागला. दूरचित्रवाणीच्या केंद्रांनीं अपरात्रीं तो फुकट दाखविला. ध्वनिचित्रफितींचें युग आल्यावर कोणीहि उठावें आणि अस्पष्ट, कापलेल्या, कधीं ओंगळ रंग फांसलेल्या प्रति बाजारांत आणाव्या. चित्रपटानें कोट्यवधि डॉलर मिळविले. करणाऱ्यांच्या हातीं त्यांतला फारच थोडा भाग आला. याच ठिकाणीं रसिक लोक आपला आवडता सिद्धांत पुढें करतात. हक्क गेले म्हणूनच हा चित्रपट घरोघरीं पोंचला, आणि त्यांतल्या भुतावर कोणाचीच मालकी नसल्यामुळें साऱ्या जगांतल्या लेखकांस व दिग्दर्शकांस तें वापरतां आलें. तेव्हां झालें तें बरेंच झालें, असें ते म्हणतात. यांतला पहिला भाग खरा आहे. दुसरा आम्हांस मान्य नाहीं. कल्पना कोणाच्याहि मालकीची होऊं शकत नाहीं. चालतें प्रेत ओळ छापली असती तरीहि इतरांस घेतां आलेंच असतें. गेलें तें चित्रपटाचें उत्पन्न, आणि त्या उत्पन्नाबरोबर त्या मंडळींचीं पुढचीं वर्षें. रोमेरो यांनीं १९७१ ते १९७३ या काळांत आणखी तीन चित्रपट केले. तिन्ही अपुऱ्या पैशांत, तिन्ही धंद्याच्या दृष्टीनें पडले. ज्या गृहस्थाच्या पहिल्या कृतीवर कित्येकांचे संसार चालले, त्यानें स्वतःच्या पुढच्या कृतीसाठीं पुन्हां दारोदार हिंडावें, आणि आपण त्याला कलेचा लाभ म्हणावें, हा आम्हांस रसिकतेचा नव्हे तर कृपणपणाचा नमुना वाटतो.

दहा वर्षांनीं रोमेरो आपल्या प्रेतांकडे परत आले. पिट्सबर्गच्या पूर्वेस मनरोव्हिल येथें झालेल्या प्रचंड मॉलमध्यें त्यांना प्रवेश मिळाला, आणि १९७७-७८ च्या हिंवाळ्यांत दुकानें बंद झाल्यावर रात्रभर काम करावयाचें व सकाळीं उघडण्यापूर्वीं रक्त पुसून निघून जावयाचें, असा क्रम त्यांनीं ठेवला. नाताळची सजावट लागली तेव्हां काम कांहीं दिवस थांबवावें लागलें. 'डॉन ऑफ द डेड' (१९७८) या चित्रपटांतलीं प्रेतें या मॉलभोंवतीं घुटमळतात, सरकत्या जिन्यांवर चढतात, पडतात, काचेला तोंड लावून उभीं राहतात. जिवंतपणीं जेथें यावयाचें तेथेंच मेल्यावरहि येण्याची त्यांना ओढ आहे. आणि आंत अडकलेलीं चार जिवंत माणसें काय करतात? तींहि तेंच करतात. कोट अंगावर घालून पाहतात, घड्याळें उचलतात, निरुपयोगी झालेल्या नोटा मोजतात. एका प्रसंगीं लुटारू प्रेतांच्या तोंडावर मलईच्या वड्या फेंकून मारतात. मूकपटांतली ती अगदीं जुनी थट्टा, आणि पुढच्याच मिनिटास त्या लुटारूंचीं आंतडीं. रंगभूषा केली टॉम सव्हिनी यांनीं. ते व्हिएतनामच्या युद्धांत सैन्याचे छायाचित्रकार होते, तेव्हां फाटलेलें शरीर कसें दिसतें हें त्यांना कल्पनेनें शोधावें लागलें नाहीं. भांडवलाचा एक भाग इटलीचे दिग्दर्शक दारिओ आर्जेन्तो यांनीं मिळवून दिला आणि त्याबदल्यांत आपल्या देशासाठीं निराळें संकलन केलें. त्यांनीं वेग वाढविला आणि विनोद पुष्कळसा छाटला. दोन्ही प्रति आज पाहावयास मिळतात. ज्यास हास्यावांचून या भयाचें काय होतें तें पाहावयाचें असेल, त्यानें त्या एकामागून एक पाहाव्या. आमच्या मतें इटालियन प्रत अधिक चपळ आहे आणि बरीच लहान माणसाची आहे.

पिट्सबर्गनें घालून दिलेली वाट पुढें अनेकांनीं तुडविली; त्यांतल्या दोघांचाच उल्लेख करतों. मिशिगनचे सॅम रेमी यांनीं आपल्या दोस्तांसह प्रथम अर्ध्या तासाची एक नमुन्याची फीत तयार केली, ती दांतांचे डॉक्टर, वकील अशा गांवांतल्या सुखवस्तु लोकांस दाखवून पैसे जमविले, आणि १९७९-८० च्या कडाक्याच्या थंडींत टेनेसीच्या रानांतल्या एका झोंपडींत 'द ईव्हिल डेड' चित्रित केला. कॅमेऱ्याचा गाडा परवडेना, म्हणून फळीवर कॅमेरा ठोकून दोघे ती फळी धरून रानांतून धांवत. तीच पुढें अदृश्य पिशाच्चाची प्रसिद्ध दृष्टि झाली. १९८१ चा हा चित्रपट बव्हंशीं गंभीर आहे. १९८७ च्या दुसऱ्या भागांत मात्र नायकाचा स्वतःचाच हात त्याच्यावर उलटतो आणि थाळ्या फोडून त्याच्या डोक्यांत घालतो. येथें भय आणि माकडचेष्टा यांत तसूभरहि अंतर उरत नाहीं. न्यूझीलंडचे पीटर जॅक्सन यांनीं तर वेलिंग्टनच्या एका वर्तमानपत्रांत नोकरी करीत, सुट्टीच्या दिवशीं मित्र गोळा करून, चार वर्षांत 'बॅड टेस्ट' (१९८७) पुरा केला. परग्रहवासी माणसांचें मांस उपाहारगृहासाठीं नेतात, ही त्याची कथा. मुखवटे आईच्या स्वयंपाकघरांतल्या भट्टींत भाजलेले. याच गृहस्थांच्या एका चित्रपटास २००४ सालीं अकरा ऑस्कर पारितोषिकें मिळालीं. आम्हांस त्यांचीं जुनीं भट्टींतलीं भुतें अधिक आवडतात, हें कबूल करून आम्ही पुढें जातों.

आमच्या इकडे या पंथाची शाखा स्थापन झाली ती महाबळेश्वरीं. फाळणीनंतर कराचीहून मुंबईस आलेल्या रामसे कुटुंबाचा धंदा रेडिओच्या दुकानाचा. वडील फत्तेचंद यांनीं चित्रपटांत पैसे घातले आणि ते बुडाले. १९७० च्या त्यांच्या एका चित्रपटांत पृथ्वीराज कपूर भयंकर मुखवटा घालून चोरी करतात असा प्रसंग होता. चित्रपट पडला, पण तेवढ्या प्रसंगास प्रेक्षक दाद देत हें तुलसी व श्याम या मुलांच्या ध्यानांत आलें. मग साती भावांनीं कामें वांटून घेतलीं: कोणी लेखन, कोणी कॅमेरा, कोणी ध्वनि, कोणी संकलन, आणि तुलसी-श्याम यांच्याकडे दिग्दर्शन. सारें कुटुंब महाबळेश्वरास जाऊन राहिलें, आणि 'दो गज जमीन के नीचे' (१९७२) थोड्या आठवड्यांत तयार झाला. पिट्सबर्गच्या दहा भागीदारांच्या जागीं येथें एकत्र कुटुंब होतें, एवढाच काय तो भेद. सह्याद्रीच्या माथ्यावरचें धुकें त्यांना फुकट मिळालें.

'पुराना मंदिर' (१९८४), 'वीराना' (१९८८) या त्यांच्या चित्रपटांनीं तालुक्याच्या गांवांतल्या थिएटरांस पुष्कळ दिवस उत्पन्न दिलें, आणि शहरच्या टीकाकारांनीं त्यांच्याकडे ढुंकूनहि पाहिलें नाहीं. हा अन्याय होता असें आम्ही म्हणतों. परंतु त्यांच्या हास्याविषयीं आमची तक्रार आहे. 'पुराना मंदिरां'त जगदीप यांच्याकडे 'शोले'च्या विडंबनाचा जो सबंध कथाभाग दिला आहे, तो राक्षसाच्या कथेला कोठेंच शिवत नाहीं. भय चाललें असतां हास्य बाहेर थांबतें. हास्य आंत आलें कीं राक्षस विडी ओढावयास जातो. दोन खात्यांची जुनीच व्यवस्था ही. रामसे यांच्यापाशीं पैसा थोडा होता, पण प्रेक्षकास सर्व रस निरनिराळ्या वाटींत वाढले पाहिजेत ही हिंदी चित्रपटाची रीत मोडण्याचें त्यांच्या मनांत कधीं आलें नाहीं.

तें काम मराठींत झालें. १९९३ सालीं महेश कोठारे यांच्या 'झपाटलेला'मध्यें मरणोन्मुख गुंडाचा आत्मा बोलक्या बाहुल्यांचा खेळ करणाऱ्याच्या बाहुल्यांत शिरतो. मूळ कल्पनेवर १९८८ च्या एका अमेरिकन चित्रपटाची छाया आहे, हें लपण्यासारखें नाहीं. पण तेथील बाहुला फेरीवाल्याकडून विकत आणलेला आहे, आणि आमचा तात्या विंचू शब्दभ्रमकाराच्या मांडीवर बसतो. लक्ष्मीकांत बेर्डे यांच्या लक्ष्याचा पोटापाण्याचा धंदाच मुळीं बाहुल्याच्या तोंडून बोलून लोकांस हंसविण्याचा. तोच बाहुला एके दिवशीं त्याला विचारल्यावांचून बोलूं लागतो, आणि 'मी नाहीं, बाहुला बोलला' हें सत्य सांगतांच सारें जग त्याला विनोद समजून हंसतें. तो जितका कळवळून सांगतो तितका हशा मोठा. खुनाचा आळहि त्याच्यावरच येतो. बाहुला रामदास पाध्ये यांनीं घडविला. त्याच्या भुंवया, जबडा आणि डोळे फिरविण्यासाठीं चौकटीबाहेर माणसें दडून बसत, आणि तो चालतांना थोडा अडखळत असे.